फिलिपकाकांची अर्धी मात्रा

मंडळी, आज दुपारी माझ्या गोखिवऱ्याच्या स्टुडिओत मला घाम फुटला.

ब्राझीलचे एक ज्येष्ठ सिनेसंगीतकार अंत्ययात्रेची धून रेकॉर्ड करत होते. ट्रम्पेटवर नंदाखाल गावच्या, दफनविधीत वाजवणाऱ्या बँडमधले फिलिपकाका. टेक पाहुण्यांना आवडला, पण काका मध्येच अर्धी मात्रा थांबलेले मी ऐकलं. सांगितलं तर काकांच्या जागी दुसरा वादक येणार. तरी सगळ्यांसमोर सांगितलं.

"तुझ्या कानातून काय सुटत नाय रे!" काका चिडले. "दफनाला सूर खाली आला की शवपेटी टेकवतात, तेवढं थांबायचं असतं. सवयीनं थांबलो."

पाहुण्यांच्या दुभाष्याने ते त्यांना सांगितलं. काकांनी ट्रम्पेट पेटीत ठेवायला घेतला.

"बाराव्या वर्षी गावच्या बँडमध्ये अंत्ययात्रेला मीही असाच थांबायचो," पाहुणे म्हणाले. "मग सिनेमाने चाळीस वर्षं मला घड्याळावर, सेकंद मोजत चालवलं. हाच टेक राहू दे."

तुम्ही कधी अशी चूक पकडलीत, जी चूक नव्हतीच?