एका मार्कासाठी भांडणारे शांतीभाऊ

अ‍ॅड. शांतिलालजी, म्हणजे आपणा सर्वांचे शांतीभाऊ, यांच्या अमृतमहोत्सवी ग्रंथासाठी लेख द्या, असा निरोप आला तेव्हा माझ्या तोंडून निघालं, "पुन्हा शांतीभाऊच का!" संपादकांनी हे वाक्य कापू नये, ही विनंती.

आमची पहिली ओळख घोडेगावच्या कोर्टातली. मी नवा काळा कोट घालून वकिलांच्या खोलीत बसलो होतो. एक शेतकरी दारातून डोकावले. मी लगबगीनं उठलो.

"पावणं, शांतीवकील कुठं बसत्यात?"

"आज आले नाहीत. पण मी आहे ना."

"आसू द्या, उद्या यितो," म्हणून ते गेलेसुद्धा. भाऊंचं तोंड पाहण्याआधीच मला त्यांचा हेवा वाटू लागला, आणि तो अजून चालू आहे.

सरकारी भरतीच्या परीक्षांचे वाद हा भाऊंचा खास प्रांत. नापास झालेला उमेदवार तणतणत आला की भाऊ त्याला समोर बसवून सगळी प्रश्नपत्रिका पुन्हा सोडवायला लावतात. बहुतेकांना तिथूनच परत पाठवतात. "राव, तू अभ्यासात कमी पडलास. त्याला कोर्ट काय करणार?" चालून आलेलं अशील असं घालवणारा दुसरा वकील मी पाहिला नाही. आणि चीड याची, की त्यांनी घालवलेलं अशीलही माझ्याकडे येत नाही!

वनरक्षकांच्या भरतीत मात्र त्यांनी डोंगरातल्या आहुपे गावाकडच्या मुलांची केस घेतली. हिरड्याची फळं कधी गोळा करतात, असा प्रश्न होता. आपल्या डोंगरात हिरडा कोवळा असतानाच काढून वाळवतात. त्या मुलांनी तेच उत्तर दिलं. उत्तरतालिकेत होतं, 'पूर्ण पिकल्यावर'. पुस्तकातही तसंच. एका मार्कानं ती मुलं निवडयादीबाहेर राहिली. आणि पुस्तक पाठ करून त्या यादीत शेवटी बसलेली उमेदवार होती माझी मुलगी अश्विनी. कायद्याची पदवी घेऊनही तिला जंगलातलीच नोकरी हवी होती.

भाऊंचे ज्युनिअर म्हणत होते, निवड झालेल्यांना पक्षकार करत बसू नका, उगाच वेळ जाईल. भाऊंनी ऐकलं नाही. नोटीस जाणारच होती, तरी सांगायला ते स्वतः पिंपरी पेंढारला आमच्या घरी आले. मी दारातच तडकलो, "माझ्या पोरीची नोकरी घालवायला निघालात, आणि वर घरी येता?"

"म्हणून तर आलो," भाऊ म्हणाले. "तिला न विचारता तिची नोकरी जायला नको. तिची बाजू तुम्ही मांडा. आणि चांगली मांडा."

यावर आमच्या सौभाग्यवतींनी काय करावं? त्यांना जेवायला बसवलं आणि खास त्यांच्यासाठी कांदा-लसणाशिवाय मासवड्या केल्या. माझ्यासाठी कधी मीठसुद्धा कमी झालेलं नाही.

मुंबईला न्यायाधिकरणापुढे मी जीव ओतून बाजू मांडली. निकाल लागला, दोन्ही उत्तरं बरोबर. आहुप्याची मुलं वर सरकली, अश्विनी यादीबाहेर गेली. परतताना ती गाडीत खूप रडली. मी भाऊंना लई शिव्या दिल्या. डोळे पुसून ती म्हणाली, "आप्पा, त्यांचं बरोबर होतं." ते मला निकालापेक्षा जास्त लागलं.

दिवाळीनंतर अश्विनी वकिलीकडे वळली. माझ्याकडे नाही, भाऊंकडे! तिला पदवी मिळाल्यापासून मी विनवत होतो, माझ्या ऑफिसात बस. आता ती माझ्या ऑफिसवरून पुढे त्यांच्याकडे जाते. घरी जेवताना 'भाऊ असं म्हणाले, भाऊ तसं म्हणाले'. घास उतरत नाही हो! परवा एका दाव्यात ती माझ्याचविरुद्ध उभी राहिली. छान बोलली. बोलणं संपल्यावर तिनं वळून पाहिलं ते मागं बसलेल्या भाऊंकडे. बाप शेजारीच उभा होता.

भाऊ, आपणांस उदंड आणि निरोगी आयुष्य लाभो. गोळ्या वेळेवर घेत जा, जिना जपून चढा. अश्विनीला उलटतपासणी अजून नीट जमत नाही, आणि ती आपल्याशिवाय कुणाकडून शिकायला तयार नाही. मी विचारून पाहिलंय.