ठोका होता

शेवंतामावशी गेल्याचा निरोप वरवट बकालहून आला तेव्हा मी शाळेत शिकवत होतो. धावतपळत पोचलो, तर तिचा दीर बाबाराव अंगणात डोळे पुसत उभा. खांदा द्यायलाही तोच पुढे झाला. मी त्याला सर्वांदेखत बाजूला हो म्हणालो. लोकांना ते बरं दिसलं नाही. न दिसो.

गावात वीज नवीनवी आली होती तेव्हाची गोष्ट. वांग्याच्या वाफ्यात तार तुटून पडली आणि पाणी द्यायला गेलेल्या काकांचा, म्हणजे मावशीच्या नवऱ्याचा, पाय तिच्यावर पडला. बाबारावानं कोरड्या लाकडानं तार उडवली, भावाच्या छातीला कान लावला आणि मावशीला म्हणाला, "ठोका नाही लागत वयनी. पण मातीत गाडू. माती करंट ओढून घेते."

तेव्हा आमच्याकडे सगळेच असं मानायचे. खड्डा खणून काकांना गळ्यापर्यंत पुरलं. माती लोटताना मावशीचे हात सर्वांत पुढे होते. दिवस मावळेपर्यंत ती त्यांच्या तोंडाकडे बघत बसली… मग बाबारावच म्हणाला की आता फाडाफाडी कशाला, आणि डॉक्टरी तपासणी न होताच काकांना अग्नी दिला.

मावशीनं वीज मंडळावर भरपाईचा दावा लावला. तारखांना मी तिच्यासोबत एसटीनं जायचो. मंडळाचा वकील एकच गोष्ट घोटत राहिला, की तारेनं माणूस नुसता बेशुद्ध झाला, मेला तो मातीत गुदमरून. मावशीला भरपाईपेक्षाही कोर्टाच्या तोंडून एवढंच हवं होतं की नवरा तारेनं गेला. आणि ते सांगू शकणारा एकटा बाबाराव होता. ती निर्धास्त होती. त्या दिराला तिनं पोटच्या पोरासारखं वाढवलं होतं.

पुरताना ठोका होता का, असं वकिलानं विचारलं. बाबाराव मावशीकडे न बघता म्हणाला, "होता साहेब. वयनीनंच माती लोटली."

मी ताडकन उठलो. मावशीनं हाताला धरून खाली बसवलं. दावा फेटाळला गेला. विहिरीवरच्या मोटारीसाठी मंडळाच्या ज्या जोडणीला अख्खं गाव खोळंबलं होतं, ती त्याच उन्हाळ्यात एकट्या बाबारावाला मिळाली. इतका नीच माणूस मी दुसरा पाहिला नाही.

पुढे मावशीच्या मनानंच पलटी खाल्ली. ती मला विचारायची, "तवा मी रडून राह्यली होती… ठोका मले ऐकू आला नसन का रे?" काका तारेवरच गेले, असं मी शपथेवर सांगायचो. "तू कुठं होता तवा?" म्हणायची.

परवा तिचं घर उघडलं. तिनं शेवटचं सारवलेली भुई तशीच आहे. आमच्याकडे बायका हातानं सारवतात, भुईवर बोटांची वळणं उमटतात. मावशीच्या भुईवर एक बोट नाही. ती काठीला चिंध्या बांधून सारवायची. शेजारणी तिला मडम म्हणून चिडवायच्या आणि तीही हसायची. एकदा मीच विचारलं, काऊन असं? तर हात पदराखाली घेत म्हणाली, "कोर्टानं सांगतलं ना बापा, या हातानं काय केलं ते."