पाठ फिरवण्याआधीचा नमस्कार

मारियाचा फोन आला तेव्हा मी गडचिरोलीच्या दवाखान्यात डोळ्यांच्या रांगेत मायला घेऊन बसले होते. मायच्या मोतीबिंदूचं ऑपरेशन होऊन आठ दिवस झाले होते आणि डॉक्टर डोळा तपासणार होते. मारिया म्हणजे माझ्या धाकट्या भावाची, हिरामणची बायको. तिचं इंग्रजी आणि माझं इंग्रजी यांची इतक्या वर्षांत कधी नीट गाठ पडलेली नाही, पण त्या दिवशी ती एवढंच म्हणाली की हिरामण सकाळी गेला, शांतपणे गेला... आणि ते मला एका दमात समजलं. वर्षभर तो आजारी होता, त्यामुळे हे कधीतरी ऐकावं लागणार हे ठाऊक होतं. ठाऊक असल्याचा काही उपयोग होत नाही, एवढंच. शेजारी माय काळा चष्मा लावून बसली होती. डोळ्याला पाणी लागू द्यायचं नाही असं नर्सनं बजावलं होतं. मी त्याचा अर्थ माझ्या सोयीनं लावला आणि गप्प राहिले.

परतीच्या बसमध्ये आरमोरी गेली, पुलावरून वैनगंगा गेली, तरी मायनं काही विचारलं नाही. ब्रह्मपुरीच्या स्टँडवर बस थांबली तेव्हा तिनं माझ्या मांडीवर हात ठेवला आणि म्हणाली, "हिरामण गेला नं?" मी मान हलवली. मग तिला अजून नीट दिसत नाही हे आठवून "हो" म्हटलं. नागभीडपर्यंत तिनं माझा हात सोडला नाही.

त्याला जाऊन आता दीड महिना होईल. परदेशातल्या वर्तमानपत्रांत त्याच्यावर बरंच आलं, ते मारियानं पाठवलं. त्यात तो फार मोठा माणूस आहे. तो मोठा होताच. मी त्याची बहीण आहे, मला खोटा विनय जमत नाही. नागभीडजवळच्या एका खेड्यातल्या रेल्वे गँगमनचा मुलगा ओस्लो, टोकियो, साओ पावलो इथल्या वाद्यवृंदांसमोर उभा राहिला आणि ऐंशी-नव्वद माणसं त्याच्या बोटाकडे बघत वाजवायची, याचा अभिमान मी नाही मिरवायचा तर कुणी मिरवायचा? गावात 'कंडक्टर' म्हटल्यावर लोक जे समजले ते समजलेच. तो विनोद मी चाळीस वर्षं ऐकते आहे, म्हणून इथे पुन्हा करत नाही.

पण त्या कात्रणांत त्याचं शिक्षण जर्मनीपासून सुरू होतं, आणि ते मला पटत नाही. त्याचं शिक्षण वडसा इथं सुरू झालं. आमच्या झाडीपट्टीत धान निघालं की गावोगाव नाटकं होतात, आणि वडशाच्या एका मंडळीत हिरामण सोळाव्या वर्षी पायपेटी वाजवायला लागला. आमच्या नाटकातला नट गाणं लिहिल्यासारखं कधीच म्हणत नाही. टाळ्या आल्या तर एक ओळ चारदा घेईल, घसा बसला तर अर्धं कडवं गिळून टाकेल. पेटीवाल्यानं त्याच्या मागून जायचं आणि तबल्यालाही ओढून न्यायचं, तेही कुणाला न कळता. हिरामण म्हणायचा, युरोपातल्या ऑपेरात त्याला काही नवीन वाटलं नाही. कपडे तेवढे महाग होते.

पुढे तो नागपूरला शिकायला गेला. तिथं एका चर्चमध्ये पियानो शिकवणाऱ्या म्हाताऱ्या बाई होत्या. त्यांनी एकोणिसाव्या वर्षी त्याच्यापुढे पाश्चात्त्य स्वरलिपी ठेवली. ज्या वयात तिकडची मुलं स्पर्धा जिंकून मोकळी होतात, त्या वयात आमचा हिरामण पाच रेघांवरची टिंबं बोटानं मोजत होता. बाईंनी त्याला पहिल्या महिन्यातच सांगून टाकलं की तू पियानोवादक होणार नाहीस, उशीर झाला आहे. पण चर्चमध्ये तीस माणसं एकत्र गाताना मागच्या ओळीतला डावीकडून तिसरा माणूस सुरात खाली जातो आहे, हे त्यानं न बघता सांगितलं, तेव्हा त्या त्याच्याकडे बघत राहिल्या. जर्मनीचा अर्ज त्यांनीच भरायला लावला. प्रवेश मिळाल्याचं त्यानं घरी सांगितलं तेव्हा बाबा फक्त म्हणाले, "तिथी थंडी राह्यते म्हनतात. कांबळं ने."

तिथं पहिली दोन वर्षं वाद्यवृंद दिसतसुद्धा नाही. दोन पियानो समोर असतात, त्यांवर सगळ्या वाद्यांचं संगीत बसवलेलं असतं आणि विद्यार्थ्यानं त्या दोन वादकांपुढे हात हलवायचे. आरशासमोर तासन् तास उजवा हात वेगळा, डावा वेगळा. संध्याकाळी लोक पेपर वाचतात तशी तो वीस-वीस ओळींची स्वरपुस्तकं वाचायचा. एका नजरेत सगळ्या ओळी कानात वाजल्या पाहिजेत. हे सगळं त्याला जमलं. मग खऱ्या वाद्यवृंदापुढे, खऱ्या श्रोत्यांपुढे त्याचा पहिला कार्यक्रम झाला आणि त्यात त्यानं माती खाल्ली.

झालं असं की तो तिरका उभा राहिला. आमच्याकडे थोरामोठ्यांकडे पाठ करून उभं राहत नाहीत. बैठकीतून उठतानाही दोन पावलं मागे सरकायचं आणि मग वळायचं, हे लहानपणी बाबांनी कान धरून शिकवलेलं. तालमीत मागे रिकाम्या खुर्च्या होत्या, तेव्हा काही वाटलं नाही. पण त्या दिवशी पहिल्या रांगेत दोन म्हाताऱ्या येऊन बसल्या आणि हिरामणचं अंग आपोआप फिरलं. डावीकडच्या व्हायोलिनवाल्यांना तो पूर्ण दिसत होता. उजवीकडच्या चेलोवाल्यांना फक्त कोपर दिसत होतं. ते उशिरा आले, मग घाबरून लवकर आले, आणि शेवट कसाबसा उरकला. दुसऱ्या दिवशी त्याच्या प्राध्यापकांनी बोलावून कारण विचारलं. यानं खरं ते सांगितलं. त्यांनी विचारलं, त्या बाया तुझ्या कोण? हा म्हणाला, कुणी नाही, पण म्हाताऱ्या होत्या. प्राध्यापक म्हणाले, पाठ तर करावीच लागेल, पण आधी त्यांची परवानगी घेऊन कर.

तेव्हापासून तो मंचावर आला की आधी सभागृहाकडे तोंड करून हात जोडायचा, नीट, घाई न करता, आणि मगच वळायचा. त्यावर तिकडच्या समीक्षकांनी काय काय लिहिलं आहे! पूर्वेची नम्रता, ध्यान, अध्यात्म... वाचताना मला हसू आवरत नाही. तो फक्त म्हणत होता, माफ करा, आता पाठ करतो. एका लहान गावाच्या नाट्यगृहात त्यानं आठ वर्षं गायकांना पियानोवर तालमी दिल्या, कधीमधी मुख्य संचालकाच्या जागी उभा राहिला, आणि मग उत्तरेकडच्या एका शहरातल्या वाद्यवृंदानं मतदान करून त्याला आपला प्रमुख निवडलं. तिथे वादक मतं देतात. ज्यांना त्याचं ऐकायचं होतं, त्यांनीच त्याला निवडलं, हे मी शाळेत नागरिकशास्त्र शिकवताना दरवर्षी सांगत असे.

हे सगळं मला समजत होतं, मायला नाही. आणि सांगायचं ते यापुढचंच आहे. तो प्रमुख झाला त्या वर्षी मारियानं एक व्हिडिओ कॅसेट पाठवली. तिनं स्वतः प्रेक्षकांत बसून घेतलेली. नमस्कार झाल्यावर कॅमेरा सुरू केलेला, शेवटी टाळ्या सुरू होताच बंद. आम्ही शेजाऱ्यांकडे जाऊन ती लावली. अख्खा तासभर पडद्यावर हिरामणची काळ्या कोटातली पाठ. माय पुढे सरकून बसली होती. वाट बघत होती की आता वळेल, मग वळेल. कॅसेट संपली. सगळे वाहवा करत होते आणि माय मला दाराशी हळूच म्हणाली, "तोंड काऊन नाई दाखवलं त्यानं? आपली लाज वाटते का त्याले?"

मी समजावलं. तो आला की तोही समजवायचा. एकदा अंगणात उभं राहून त्यानं तिला हात हलवून दाखवले, तर ती म्हणाली, कोंबड्या हाकलून राह्यला का? सगळे हसलो, तोही हसला. मायला त्याचा अभिमान होता, लोकांना ती त्याचा फोटो दाखवायची, पण पोरगा सगळ्या जगाकडे पाठ करून नेमकं करतो काय, हे तिला ठाऊक नव्हतं आणि ती ते कुणाला विचारणारही नव्हती. जगानं मान्य केलं आणि आईला कळलं नाही, हे शल्य त्याला होतं. मला तो एकदाच बोलला त्याबद्दल. म्हणाला, "ताई, तिनं मले काम करताना पाह्यलं पाह्यजे. एकदा तरी." मायला विमानात बसवणं तर शक्यच नव्हतं, ती नागपूरलासुद्धा नाइलाजानं जायची.

नऊ वर्षांपूर्वी त्याचा वाद्यवृंद भारतात आला. मोठ्या शहरांचे कार्यक्रम ठरले होते, आणि त्यानं अट घातली की एक चंद्रपूरला होईल. चाळीस वादक आले. मोठे नगारे नागपुराहून ट्रकनं आले. चंद्रपूरच्या सभागृहात पहिल्या रांगेत सोफे मांडले होते, साहेब लोकांच्या मधोमध मायला बसवलं होतं, नवं लुगडं, हातात गुलाबाचं फूल. मी तिच्या शेजारी. सगळे वादक जागेवर बसले आणि हिरामण आला. हात जोडले. पण वळला नाही. पायऱ्या उतरून सरळ मायपाशी आला आणि तिचा हात धरून उठवू लागला. वर मंचावर, वादकांच्या पार मागे, नगाऱ्यांच्या शेजारी एक रिकामी खुर्ची ठेवलेली होती, ती तेव्हा माझ्या ध्यानात आली. माय संकोचानं अर्धी झाली. म्हणाली, "मले काई वाजवता येत नाई, बाबू. मी तिथी काऊन बसू?"

"मले बी काई वाजवता येत नाई, माय," तो म्हणाला. "चाल."

व्हायोलिनवाल्या मुलींनी पाय आवरून वाट दिली. तो तिला खुर्चीवर बसवून आला, पुन्हा एकदा आमच्याकडे बघून हात जोडले आणि पाठ फिरवली. मला त्या संध्याकाळीही त्याची पाठच दिसली. पण त्या पाठीच्या पलीकडे, चाळीस माणसांच्या मागे, माझ्या मायचं तोंड दिसत होतं, आणि मी संगीत ऐकायचं सोडून तिच्याकडेच बघत राहिले. पहिल्यांदा ती गुलाबाशी चाळा करत होती. मग तिचा हात थांबला. मग ती जरा पुढे झुकली... आणि मला दिसलं की तिचे खांदे प्रत्येक नव्या ओळीच्या आधी वर उचलले जात आहेत, त्याच्याबरोबर.

कार्यक्रमानंतर लोकांनी त्याला गराडा घातला होता. माय मला बाजूला घेऊन म्हणाली, "समजलं मले. रोवणीच हाये ते. फकत वाकावं लागत नाई."

मायनं चाळीस वर्षं दुसऱ्यांच्या शेतांतल्या बांधीत धानाची रोवणी, म्हणजे भाताची लावणी केली. वीस-वीस बायांची ओळ असायची आणि ही एका टोकाला. ती कधी ओरडून सांगत नसे. रोप चिखलात खोचण्याआधी ती एक श्वास घ्यायची, आणि ओळच्या ओळ वाकायची, गाणं उचलायची, एक पाऊल मागे सरकायची. मी सुट्टीत तिच्या शेजारी रोवणी केली आहे. माझे पाय ते ऐकायचे, पण मला ते कधी कळलं नव्हतं. "सगळ्यायच्या आंधी श्वास तो घेते," माय म्हणाली, "आन् त्याच्या तोंडावर सगळं दिसते. पुढचं बी." हे मी हिरामणला सांगितलं तेव्हा तो चंद्रपूरच्या त्या सभागृहाच्या मागच्या पायऱ्यांवर बसला आणि पोरासारखा रडला. एवढा मानसन्मान मिळालेला माणूस; पण त्याला जे हवं होतं ते मला वाटतं त्या दिवशी मिळालं.

त्याची राख तिकडेच आहे. आम्ही इथं तेरवी केली. घर भरलं होतं, बाया ओसरीवर दाटीवाटीनं बसल्या होत्या, जो तो काही ना काही बोलत होता. चंद्रपूरहून एक पत्रकार मुलगी आली होती, नम्र होती बिचारी. तिनं मायपाशी बसून विचारलं, आजी, तुमचा मुलगा नेमकं काय वाजवायचा? मी शिक्षिका, मी लगेच उत्तर द्यायला तोंड उघडलं. मायनं मला हातानं थांबवलं. मग ती पाठ ताठ करून बसली, हात जरासा वर नेला आणि श्वास घेतला. ओसरीवरचं बोलणं थांबलं. बाहेर मांडवात भांडी मांडणारे थांबले. सगळ्या बाया तिच्याकडे बघत होत्या, आणि मीही माझा श्वास धरून होते.

"हे," माय त्या मुलीला म्हणाली. "हे वाजवे तो."