ढेपूचा आवाज आणि ढेपूचं अंग

पाणघोड्याच्या डोक्यात शिरलं की समोरचं फक्त त्याच्या तोंडाच्या फटीतून दिसतं. त्या रविवारी सकाळी मला सदाशिव पेठेतल्या हॉलच्या पहिल्या दोन रांगा आणि दोन वेण्यांची एक मुलगी एवढंच दिसत होतं. स्पीकरमधून माझाच आवाज येत होता. मी मात्र गप्प होतो, कारण सूटमधल्या, म्हणजे पाणघोड्याचा फोमचा वेष घातलेल्या, माणसाने बोलायचं नसतं.

हे जरा समजावून सांगायला हवं. नीट जमेल की नाही, माहीत नाही.

कर्वेनगरच्या कॉलेजात शिकता शिकता मी डबिंग करतो. लहान मुलांच्या एका इंग्रजी मालिकेत एक पाणघोडा आहे. मराठीत त्याचं नाव ढेपू, आणि त्याचा मराठी आवाज मी. तो तोंड उघडतो तेवढ्या वेळात आपलं वाक्य बसवायचं. त्याने तोंड मिटल्यावरही मी बोलत राहिलो, तर टेक बाद. याला लिपसिंक म्हणतात. सुरुवातीला माझं एकही वाक्य बसायचं नाही. पाणघोडा झोपी जायचा आणि मी बोलतच असायचो.

आमच्या घरातून कॉलेजात गेलेला मी पहिलाच. त्यामुळे शिकून मी नक्की काय करतोय, हे घरी सांगताना अडचण होते.

"टीव्हीत दिसतो का तू?" आईने विचारलं होतं.

"नाही. नुसता आवाज."

"मंग त्यो तू हाय, हे लोकांना कसं कळायचं?"

"शेवटी नाव येतं."

"वाचतंय कोण ते?"

ते खरंच कोणी वाचत नाही. मीही एकदाच वाचलं, तेसुद्धा पॉज करून.

तर मालिका चालली, म्हणून तिचा स्टेज शो निघाला. सूट घालणारा मुलगा जिममध्ये नोकरी लागली म्हणून आदल्या आठवड्यात सोडून गेला. डबिंग आणि शो दोन्ही बघणाऱ्या रेवतीताई मला म्हणाल्या, "तू घाल. उंचीला बसतोस. आणि आवाज तुझाच, म्हणजे मान कुठे हलवायची ते तुला पाठ असेल."

मला नाही म्हणता येत नाही. शिवाय त्या दिवशी मुंबईहून क्लायंट मॅडम येणार होत्या. मालिकेच्या दुसऱ्या सीझनला ढेपूचा आवाज माझाच ठेवायचा की मुंबईतल्या एखाद्या नावाजलेल्या नटाचा घ्यायचा, हे त्या शो बघून ठरवणार होत्या. स्टुडिओत त्या कधी आल्या नव्हत्या. त्यांनी मला फक्त ऐकलं होतं.

सगळा शो ट्रॅकवर चालतो. ट्रॅक म्हणजे आधीच रेकॉर्ड करून ठेवलेला आवाज. ढेपू प्रश्न विचारतो, मग थोडी शांतता ठेवलेली असते. तिला गॅप म्हणतात. गॅपमध्ये मुलं "हो" ओरडतात, असं मूळ स्क्रिप्टमध्ये लिहिलं होतं. मराठी संवाद मीच लिहिले होते, आणि मुलं काही वेगळं म्हणतील अशी शंका मला आली नाही. शाळांमधल्या शोंना समोर बाई उभ्या असायच्या. मुलं "हो" म्हणायची. इथे रविवार होता आणि बाई नव्हत्या.

"आज सगळ्यांनी भाजी खाल्ली का?" स्पीकरमधल्या मी विचारलं.

"नाही," सगळा हॉल म्हणाला.

"शाब्बास! म्हणून तर तुम्ही माझे मित्र."

मी मान डोलावली. दुसरं काय करणार?

"मी किती छान नाचतो, बघितलंत ना?"

"नाही."

"थँक यू, थँक यू!"

दोन वेण्यांची मुलगी आईकडे वळली. "आई, याला ऐकू येत नाही."

"असू दे. तिकीट काढलंय, बस गप्प," आई म्हणाली.

पण ती बसली नाही. पायऱ्या चढून सरळ स्टेजवर आली आणि माझा फोमचा हात ओढून म्हणाली, "ढेपू, आज माझा वाढदिवस आहे. माझं नाव विचार ना."

"चला, आता सगळे उड्या मारू या!" स्पीकर म्हणाला.

तिने उडी मारली नाही. तिची हनुवटी थरथरायला लागली. मी घाबरलो आणि जे करायचं नसतं ते केलं. ढेपूच्या आवाजात म्हणालो, "थांब, रडू नको. नाव काय तुझं?"

फोमच्या डोक्यात आवाजाचं काय होतं, हे मला तेव्हा कळलं. गादीखाली दबलेला माणूस बोलावा तसं काहीतरी बाहेर पडलं. ती दोन पावलं मागे सरकली.

"हा ढेपू नाहीये," तिने हॉलला सांगितलं. "आत कोणीतरी काका आहेत."

मी एकोणीस वर्षांचा आहे.

गोंधळ बघून साउंडवाल्या शिर्केकाकांनी ट्रॅक थांबवला. आता मी एकटाच उरलो. मी आणखी जोर लावून ढेपूचा आवाज काढला. "मीच आहे रे ढेपू!"

"खोटा, खोटा," मुलं म्हणाली. मागून कोणाचे तरी वडील म्हणाले, "नक्कल तरी धड करावी." माझ्या स्वतःच्या आवाजाची नक्कल मला येत नाही, हे भर सभेत सिद्ध झालं होतं.

मी विंगेत पळालो. पळताना शेपूट पडद्यात अडकलं, ते सोडवायलाही थोडा वेळ गेला. तो सगळ्यांनी बघितला.

"कुठे चाललास?" रेवतीताई दबक्या आवाजात म्हणाल्या. "स्टेजवर कोण आहे मग?"

"कोणी नाही. आधी हे डोकं काढा. आणि माइक द्या."

"ती मुंबईची बाई मागे बसलीये, दत्ता."

"माहीत आहे."

त्यांनी डोकं उपसलं, शिर्केकाकांनी माइक दिला. मी अंधारात उभा राहून म्हणालो, "अगं ए वाढदिवसवाली, माझ्याशी न बोलताच चाललीस?"

मुलगी पायरीवर थांबली. "तू कुठे आहेस?"

"पाण्याच्या टाकीत. आंघोळ राहिली होती. नाव काय तुझं?"

"मृण्मयी. मग मघाशी कोण होता?"

"तो माझे कपडे सांभाळतो. मी नाही असं बघून घालून बघितले त्याने. जरा बावळट आहे."

"जरा नाही," ती म्हणाली. हॉल हसला.

उरलेला शो रिकाम्या स्टेजवर झाला. मी विंगेतून बोलत होतो आणि मुलं उत्तरं देत होती. भाजी खाल्ली नाही म्हणाली, तर मी कोणती नाही खाल्ली ते विचारलं. तोंडली सगळ्यात जास्त निघाली. शेवटी सगळ्यांनी टाकीतल्या ढेपूला टाटा केला. म्हणजे टाकी नव्हतीच, तरी त्यांनी छताकडे बघून केला.

शो संपल्यावर मी कपडे बदलून आलो. क्लायंट मॅडम रेवतीताईंशी बोलत उभ्या होत्या.

"हा आपला दत्ता. ढेपूचा आवाज," रेवतीताई म्हणाल्या.

"अरे, तू होय. छान सांभाळलंस," मॅडम म्हणाल्या. "दुसऱ्या सीझनला आवाज हाच ठेवू. मुंबईत शोधायची गरज नाही." मग रेवतीताईंकडे वळल्या. "पण तो सूटमधला मुलगा कुठून आणलात? स्टेज सोडून पळतात का कधी? त्याला परत बोलावू नका."

रेवतीताईंनी माझ्याकडे बघितलं. चेहरा अगदी गंभीर.

"दत्ता, तू सांगशील त्याला की मी सांगू?"

"मी सांगतो," मी म्हणालो.

"नीट सांग हं," मॅडम म्हणाल्या. "वाईट वाटेल त्याला."

"सवय आहे त्याला."

आता सूट दुसरा एक मुलगा घालतो, ट्रॅक बंद केलाय आणि मी विंगेतून बोलतो. लोकांना कळत नाही आपण कोण ते, असं आईला वाटायचं. तिचं बरोबर होतं, पण त्या दिवशी कोणाला कळलं नाही, म्हणूनच माझं काम टिकलं.