माउस बाजूला सारल्यावर

बेलापूरच्या एका वकिलांकडे उदयसिंह टायपिंगला होता. पंचविशीत साताऱ्याहून आला आणि त्याच ऑफिसात केस पिकले. पन्नाशी उलटली तेव्हा उजवा हात थरथरू लागला. कळा दाबताना तेवढं अडायचं नाही, पण माउस धरला की स्क्रीनवरचा बाण वेड्यासारखा पळायचा, नको तिथे क्लिक व्हायचं. डॉक्टर म्हणाले, "गोळ्यांनी थोडं थोपवता येईल. बरं होणारं दुखणं नाही हे."

"सरांना सांगून टाका," बायको, सुनयना, म्हणाली.

"सांगितलं तर टायपिंगला ठेवतील का मला?"

शेजारच्या टेबलावर क्षिप्रा बसायची, मुलीच्या वयाची. एकदा जेवायच्या सुट्टीत त्याने तिला विचारलं, "माउसशिवाय काम होतं का गं?"

"होतं की, काका. कीबोर्डचे शॉर्टकट शिका. वेळ पण वाचतो."

तिने शिकवलं. कंट्रोल-सी, कंट्रोल-व्ही, ऑल्ट-टॅब. घरी जेवताना तो ताटाशेजारी बोटं आपटत घोकायचा. हळूहळू माउस लागेनासा झाला. काम इतकं भराभर उरकू लागलं, की सर सगळ्यांसमोर म्हणाले, "उदयसिंहांकडून शिका जरा." त्याने हसून मान खाली घातली. उजवा हात टेबलाखाली, मांडीत दाबलेला होता.

पुढच्या पावसाळ्यात डावा हातही थरथरू लागला. एक कळ दाबावी तर शेजारचीही दाबली जायची.

एका सकाळी कोर्टात द्यायच्या अर्जातली अक्षरं मोठी करायची होती. नजर हातातल्या कागदावर ठेवून त्याने कंट्रोल-ए दाबलं, सगळा मजकूर निवडला गेला. कंट्रोलची कळ सुटली, पुढचं बोट घसरून भलत्याच अक्षरावर पडलं आणि अख्खा अर्ज पुसला गेला. त्याच्या ध्यानात आलं नाही. सवयीने सेव्ह करून त्याने फाइल बंदही केली.

सर निघायच्या घाईत होते. प्रिंट काढायला फाइल उघडली, तर कोऱ्या पानावर एकच अक्षर. ते ओरडत टेबलाशी आले, आणि त्यांची नजर त्याच्या हातांवर गेली.

"कधीपासून?"

"दोन वर्षं झाली, सर."

अर्ज क्षिप्राने पुन्हा टाइप केला. महिनाअखेर सर मऊपणे म्हणाले, "आता आराम करा." त्याने टेबलाचा खण रिकामा केला.

आता तो खांदेश्वरच्या घरी असतो. सकाळी आंघोळ झाली की कुठे जायचं नसूनही इस्त्रीचा शर्ट मागतो. सुनयना बटणं लावून देते. तेवढा वेळ तो खिडकीबाहेर बघतो, तिच्याकडे नाही.