बोट धरल्याबिगर

"बोट द्या माय. हालू नोका."

एवढं म्हणून ती समोरच्या बाईचा डावा हात आपल्या हातात घ्यायची, तर्जनी बाकीच्या बोटांपासून वेगळी काढायची आणि नखाच्या मुळाशी शाईची काडी टेकवायची. मग लगेच सोडायची नाही. शाई वाळेपर्यंत बोट धरून ठेवायची. सुईत दोरा ओवताना आपण सुई धरतो ना, तसं. मतदानाच्या खोलीत शाई लावणारी बाई तुम्हीही पाहिली असेल, पण तिच्याकडे बघतो कोण? सगळ्यांचं लक्ष कोण निवडून येतो याकडे.

यवतमाळ शहराच्या जागेवर कोण आलं, कोण कोणामुळे पडलं, हे सांगणारे आमच्याकडे पानठेल्यागणिक चार भेटतील. ते त्यांनाच विचारा. मी आपली सत्तावन्न, बासष्ट आणि सदुसष्ट अशा तीन निवडणुका त्या बाईच्या हातावरून सांगते. तिचं नाव मात्र सांगणार नाही. ज्या नावाची मी एकदा हेळसांड केली, ते आता गोष्टीत खर्चायचं माझ्या जिवावर येतं.

मी तेव्हा मुलींच्या शाळेत मास्तरीण होते आणि ती तिथे झाडझूड करायची. छप्पनच्या दसऱ्याला नागपूरला जाऊन ती बौद्ध होऊन आली. आल्यावर पांढरं लुगडं नेसून, मान वर करून अंगण झाडायला लागली. मी थट्टेनं विचारलं, "काय गं, काय बदललं?"

"मान दुखत नाई आता, बाई," ती म्हणाली आणि झाडत पुढे गेली. मी हसले. थट्टा माझ्यावरच उलटली हे कळायला मला वेळ लागला.

सत्तावन्नच्या निवडणुकीत आमच्याच शाळेत मतदान होतं. मी यादी घेऊन बसलेली. बायकांना शाई लावायला बाईमाणूस हवं होतं, आणि आम्हा मास्तरणींपैकी एकीलाही ते काम नको होतं. शाई हाताला लागते, असं आम्ही म्हणालो. मतदान केंद्राचे साहेब परगावचे होते. त्यांनी अंगणातून तिला बोलावलं आणि काडी तिच्या हातात दिली.

तिनं ते काम असं केलं, की जन्मभर तेच करत आली असावी. बोटाला शाई लागली की बायकांना वाटायचं, झालं मत. त्या पदर सावरून सरळ दाराकडे निघायच्या. ही मागून जाऊन पदराला धरायची, "अवो माय, मत तं राह्यलंच." एकेका उमेदवाराची वेगळी पेटी होती तेव्हा, पडद्याआड मांडून ठेवलेली. एक आजीबाई सगळ्याच पेट्यांच्या पाया पडून चिठ्ठी हातात घेऊन बाहेर आल्या. "कोनाले नाराज कायले कराचं," म्हणाल्या. हिनं त्यांना समजावून पुन्हा आत पाठवलं.

मग रांगेत माझ्या सासूबाई आल्या. आमच्या घरात सोवळं कडक. सासूबाईंनी बोट पुढे केलं, पण हात लांब धरून म्हणाल्या, "वरून टाक. शिवू नको."

ती म्हणाली, "वरून टाकली तं जिमिनीवर पडन माय. मंग मत जिमिनीनं द्यावं काय? धरल्याबिगर शाई बसत नाई."

रांगेतल्या बायका पदरात तोंड घालून हसल्या. सासूबाईंनी हात मागे घेतला आणि मत न देताच घरी गेल्या. मी काय केलं म्हणाल, तर यादीत डोकं खुपसून बसले. ना सासूबाईंना थांबवलं, ना हिची बाजू घेतली. घरी राहायचं होतं मला.

दुपारी गर्दी ओसरल्यावर ती माझ्यापाशी आली. "बाई, माह्यं नाव पाहा ना जी."

मी पानं उलटली. तिच्या वस्तीतले पुरुष सगळे होते. बायका मोजक्याच, आणि त्यात ती नव्हती.

"नीट पाहा."

"नाही गं."

"यादी तं तुमीच लिवली होती. काय लिवलं होतं तुमी?"

मी तिच्या मुलाचं नाव घेतलं आणि म्हणाले, "त्याची माय."

आता हे सांगूनच टाकते. यादी लिहायला मी छप्पनच्या उन्हाळ्यात तिच्या वस्तीवर गेले होते. गेले म्हणजे, रस्त्याच्या कडेला निंबाखाली उभी राहिले. वस्तीतला एक म्हातारा तिथे आला आणि त्यानं घरं सांगितली. अमक्याची बायको, तमक्याची माय. मी तसंच लिहिलं. ज्या बाईचं स्वतःचं नाव नाही ती ओळ यादीतून काढायची, असा वरून हुकूम होता आणि तो मला ठाऊक होता. ऊन फार होतं म्हणून आत गेले नाही, असं मी स्वतःला सांगितलं. ऊन होतंच, पण बाकीच्या वस्त्यांत काय सावली होती?

"त्याची माय" ऐकून ती मग म्हणाली, "रोज तुमच्या समोर झाडू मारून राह्यली मी, बाई. एक डाव इचारलं असतं."

एवढंच म्हणाली, आणि परत जाऊन पुढच्या बाईला, "बोट द्या माय." संध्याकाळी ती हात धूत होती. उजव्या हाताची बोटं काळी झालेली, आणि डावी तर्जनी स्वच्छ. ती पुढे करून म्हणाली, "माह्यं कोरंच राह्यलं." आवाजात राग असता तर बरं वाटलं असतं मला.

नव्या याद्या लिहायचं काम पुन्हा निघालं, तेव्हा मी तिची वस्ती मागून घेतली. या वेळी निंबाखाली थांबले नाही. ती पुढे, मी मागे, अशा दर घरात शिरलो. नवऱ्याचं नाव बायका घेत नाहीत, आणि स्वतःचं त्यांना कधी कोणी विचारलेलं नाही. सगळ्या एकमेकींकडे बघायच्या. ती दटावायची, "तुहं सांग व, तुहं. त्याचं नोको."

धोंड्याची माय म्हणून एक म्हातारी होती. तिला तिचं नाव आठवेचना. "लग्न झाल्यावर कोनं हाक मारली मले नावानं? मारेगावच्या भावाले इचारा लागन." मी ती ओळ मोकळी सोडली. चार दिवसांनी भाचा निरोप घेऊन आला, नाव सुगंधा. घ्या, आणि जन्मभर धोंड्याची माय. म्हातारी ते नाव पुन्हा पुन्हा म्हणून बघत होती आणि तोंडावर हात ठेवून नव्या नवरीसारखी हसत होती.

"माह्यं शेवटी लिवा," असं ती सुरुवातीपासून म्हणत होती. तसंच लिहिलं. तिला वाचता येत नव्हतं. मी ओळ दाखवली, तर तिनं त्यावर बोट ठेवलं. "इतकंसं हाय होय?" म्हणाली. मग पुन्हा एकदा मला वाचून दाखवायला लावलं. मी वाचलं, आणि त्या दिवसापासून तिला अगंतुगं करायचं सोडलं.

बासष्टला मतदानाची रीत बदलली. पेटी एकच, कागदावर सगळी चित्रं, आणि शिक्का मारायचा. म्हातारी माणसं पडद्याआडून विचारायची, "बाकीच्या पेट्या कुठं गेल्या?" ती शाई लावता लावता सगळ्यांना समजावत होती. सासूबाई त्या वर्षी आल्याच नाहीत.

दुपारी खोली रिकामी झाली तशी ती उठली. लुगडं नीट केलं, माझ्यासमोर येऊन उभी राहिली आणि आपलं पूर्ण नाव सांगितलं, मला माहीतच नसल्यासारखं. मी यादीत खूण केली. मग तिनं काडी माझ्यापुढे धरली. "आता तुमी लावा, बाई. आपलं आपल्याले लावता येत नाई."

सासूबाईंना मी पाच वर्षं मनातल्या मनात नावं ठेवत होते, हे लक्षात असू द्या. मी काडी शाईत बुडवली. तिनं बोट पुढे केलं. आणि माझ्या हातानं काय करावं? काडी वर, वीतभर अंतरावर धरून थेंब सोडला. थेंब टेबलावर पडला.

खरं सांगते, मी काही ठरवलं नव्हतं. हात आपोआप तसा गेला. पिण्याचं पाणी, जुनी लुगडी, सणाचं जेवण, सगळं मी तिला तसंच वरून देत आले होते. टेबलावरचा तो डाग बघून मला तिथून उठून जावंसं वाटलं.

ती हसली नाही, रागावलीही नाही. सकाळपासून सगळ्यांना सांगत होती तेच मला सांगितलं, त्याच आवाजात. "धरल्याबिगर बसत नाई, बाई."

मी तिचा हात धरला. इतकी वर्षं एका शाळेत होतो आम्ही, आणि तिचा हात गरम असतो हे मला त्या दिवशी कळलं. झाडूनं तळव्याला घट्टे पडलेले होते. मी शाई लावली आणि बोट धरून राहिले. डोळ्यांत पाणी आलं म्हणून खाली बघत राहिले.

"वाळली, बाई," ती हळूच म्हणाली. "सोडा आता, मत द्याचं हाय."

पडद्याआड ती इतका वेळ थांबली, की साहेब दोनदा खाकरले.

सदुसष्टच्या निवडणुकीआधीच्या उन्हाळ्यात ती तापानं गेली, तीन दिवसांत. मी मतदानाला यादीचं काम नाकारलं आणि शाईचं मागून घेतलं. मास्तरणींनी एकमेकींकडे पाहिलं, पाहू द्या. सकाळी पेटी लावायच्या आधी मी यादी उघडून बघितली. तिची ओळ काढायची राहून गेली होती. तिचं नाव होतं, छापलेलं, पुरतं.

दुपारी काठी टेकत धोंड्याची माय आली. यादीवरच्या मुलीनं "सुगंधा" म्हणून पुकारलं, तर तिला कळेचना. मागच्या बाईनं ढोसलं तेव्हा हसत पुढे आली. पण माझ्यापाशी येताच तिनं हात पदराखाली घेतला.

"वरूनच लावा, बाई. तुमाले घरी जाऊन आंघोय कराची आफत कायले?"

"धरल्याबिगर बसत नाही, आजी," मी म्हणाले.

"थे बी असंच म्हने," म्हातारी म्हणाली, आणि हात बाहेर काढला. मी बोट वेगळं काढलं, काडी टेकवली. शाई वाळली तरी मी ते धरूनच होते. सोडा आता, म्हणणारी कोणी नव्हती.