बूट पुसून ये

ऑल्विन गारसाइडने मालिकेतल्या भूमिकेसाठीच्या चाचणीची भलतीच फीत पाठवली. ती चुकून गेली यावर त्याच्या बायकोचा आजतागायत विश्वास नाही.

हल्ली चाचणीला लंडनला बोलावत नाहीत. आपलं आपण चित्रण करायचं नि पाठवायचं. ओल्डममधल्या घरात मागच्या खोलीत निळी चादर टाचून ऑल्विन उभा राहायचा. समोरच्या पात्राची वाक्यं बायको पॉलिन वाचायची, शाळेच्या स्वयंपाकघरातून दमूनभागून आल्यावर, हातात चहाचा मग धरून.

या खेपेची भूमिका बापाची होती. मुलगा तुरुंगातून सुटून दारात उभा राहतो, तो प्रसंग. पडद्यावर ऑल्विनने उभा जन्म पोलीस केले, नाहीतर मढी. मढ्यांचं त्याच्याइतकं कौतुक कुणाचं झालं नसेल. श्वास छान धरतो म्हणायचे. पण कॅमेरा तोंडासमोर येऊन थांबावा, असा माणूस काही वाट्याला आला नव्हता. छप्पन्नाव्या वर्षी हा बाप हुकला तर पुढे मढीच आहेत, हे त्याला पक्कं ठाऊक होतं.

घोळ एवढाच, की बापाच्या तोंडी भाषण होतं. "माझ्या काळजाचं दार तुझ्यासाठी कधीच बंद नव्हतं," वगैरे. ऑल्विन स्वतः रेडिओसाठी नाटकं लिहायचा. त्यातली एकदोन लागलीही होती, भर दुपारी, ऐकणारे कामावर असताना. असल्या माणसाला दुसऱ्याचं वाईट वाक्य दातात अडकलेल्या धाग्यासारखं छळतं.

"लिहिलंय तसं म्हण," पॉलिन म्हणाली.

"ओल्डमातला कुठला बाप असं बोलतो गं?"

"ओल्डमातल्या बापाला विचारलंय कुणी?"

त्याने मुकाट्याने तसं म्हटलं. मग हौस म्हणून एकदा आपल्या मनासारखं. मुलाकडे पाहिलं, त्याच्या पायांकडे पाहिलं, आणि म्हणाला, "बूट पुसून ये."

पॉलिन वाचायची थांबली.

दुसऱ्या दिवशी व्हॅनमधून लोकांच्या घरी वाणसामान पोचवता पोचवता त्याने फोनवरून फीत धाडली. नको होती तीच.

आठवड्याने मालिकेची लेखिका फेनेला हिचा फोन आला. पोरगी आवाजावरून तिशीचीही नव्हती. "मिस्टर गारसाइड, ते बुटांचं वाक्य आम्ही ठेवलं तर चालेल ना? भेटलो की एक बिअर माझ्याकडून!"

चालेल म्हणजे काय, धावेल. त्याला वाटलं, वाक्य ठेवलं म्हणजे तोंडही ठेवलं.

मग त्याला कामं मिळवून देणारी एजंट ब्रॉनवेन फोनवर बोलली. "बाप दुसऱ्याला गेला, राजा."

"मोठं नाव हवं होतं?"

"ते होतंच. पण दिग्दर्शक म्हणाला, हा गृहस्थ रोज सेटवर वाक्यं दुरुस्त करत बसेल. तुरुंगाच्या फाटकावरचा पहारेकरी आहे, करतोस?"

केला. न करून सांगतो कुणाला.

चित्रीकरणाला लिव्हरपूलकडचं गारठवणारं वारं सुटलं होतं. ऑल्विनला वाक्य होतं, "सांभाळून राहा, पोरा. परत इथे दिसू नकोस." तो गणवेश चढवून उभा राहिला नि पुन्हा तो धागा अडकला. इतकी वर्षं सांभाळलेलं सामान परत देताना पहारेकऱ्याने नुसतं म्हणावं, "छत्री राहिली तुझी." बस. जिभेवर आलंसुद्धा. त्याने ते गिळलं आणि छापील वाक्य छापल्यासारखं म्हटलं.

"उत्तम!" दिग्दर्शक ओरडला.

फेनेला लांबूनच हात हलवत गाडीकडे पळाली. "मिस्टर गारसाइड, ती बिअर आहे हं माझ्या डोक्यात!"

मालिका लागली तेव्हा दोघं सोफ्यावर बसून बघत होते. तो दुसरा नट दारात उभा राहिला, त्याने पायांकडे पाहिलं, आणि म्हणाला. वाईट म्हणाला असता तर ऑल्विनला बरं वाटलं असतं. पण पठ्ठ्याने झकास म्हटलं.

"वाक्य माझंय," पॉलिन म्हणाली.

"काय?"

"लंडनला नशीब काढायला गेलास आणि दोन वर्षांनी हात हलवत परत आलास, तेव्हा दारात मी दुसरं काय म्हणाले होते?"

ऑल्विनने पडद्याकडे पाहिलं. तिथे आता नावं भराभर वर सरकत होती. त्याचं येऊन गेलंही असेल.

"मग अर्धी बिअर माझी," ती म्हणाली.

"आधी ती येऊ तर दे," तो म्हणाला, आणि चहा टाकायला उठला.